किनाऱ्याचा शब्द मंचावर नेताना : दस्तऐवजी सादरीकरण करू पाहणाऱ्यांसाठी

समुद्रकाठच्या माणसांशी बोलायचे, त्यांचे बोलणे जसेच्या तसे टिपायचे आणि मग एकट्यानेच प्रेक्षकांसमोर उभे राहून ते त्यांच्याच शब्दांत ऐकवायचे, या कामाला मराठीत अजून एक ठरलेले नाव नाही. कोणी त्याला दस्तऐवजी एकपात्री म्हणतात, कोणी सरळ डॉक्युमेंटरी थिएटर म्हणतात. १९२० च्या दशकात बर्लिनमध्ये एर्विन पिस्काटोर यांनी बातम्या, भाषणे आणि चित्रफितींचे तुकडे मंचावर आणले. पुढे अमेरिकेत ॲना डेव्हिअर स्मिथ यांनी १९९० च्या दशकाच्या आरंभी दंगलग्रस्त वस्त्यांतील अनेकांच्या मुलाखती घेऊन ती सगळी माणसे एकटीने उभी केली. आपल्याकडे एकपात्रीची परंपरा मोठी आहे, पण तिच्यात बहुधा लेखकाने रचलेली माणसे असतात. येथे माणूस खरा असतो, तो हयात असतो, आणि पुष्कळदा तो तुमच्या प्रयोगाला पहिल्या रांगेत येऊन बसणार असतो. या कामातील बहुतेक नियम याच एका गोष्टीतून निघतात.

कोकण किनाऱ्यावर हे काम करू इच्छिणाऱ्या नवख्या कलावंतांसाठी हा लेख आहे. अभिनयाचे प्राथमिक शिक्षण तुम्ही घेतलेले आहे असे मी गृहीत धरते.

आधी एक जाळे निवडा

नवा कलावंत साधारणपणे ‘मला कोळी समाजावर काहीतरी करायचे आहे’ असे म्हणून निघतो आणि वर्षभराने हाती तीस मुलाखती आणि एकही प्रयोग नाही, अशा अवस्थेत परततो. ‘कोळी समाज’ हा विषय होऊ शकत नाही, कारण किनाऱ्यावर एकच समाज नाही. पालघरकडे मांगेला आणि वैती आहेत, मुंबई-रायगडात सोनकोळी आहेत, मिठागरांशी आणि खाडीशी नाते असलेले आगरी आहेत, गुहागर-रत्नागिरीकडे खारवी आणि मुसलमान दालदी आहेत, सिंधुदुर्गात गाबीत आहेत. सह्याद्रीतील महादेव कोळी हा तर निराळाच समाज आहे, आणि नावाच्या साम्यामुळे त्यांची समुद्राशी गाठ घालणारी संहिता पहिल्याच वाचनाला कोसळते.

म्हणून माझा सल्ला असा आहे की समाजापासून नव्हे, तर एका गावातील एका जाळ्यापासून सुरुवात करावी. डोल घ्या. डोल म्हणजे पिशवीसारखे निमुळते जाळे. ते समुद्रतळाशी रोवलेल्या खुंटांना किंवा नांगरांना बांधतात, त्याचे तोंड प्रवाहाकडे ठेवतात आणि भरती-ओहोटीच्या ओढीबरोबर बोंबील, जवळा, कोलंबी त्यात आपसूक शिरते. हे एकदा समजले की पुढचे प्रश्न जाळेच विचारू लागते. खुंट कोणी रोवले, कोणाचा खुंट कुठे हे कसे ठरते, प्रवाह बदलला किंवा जवळून मोठे जहाज गेले तर काय होते, आलेला बोंबील कोण वाळवते, पाऊस अवेळी आला तर त्या वाळवणाचे काय होते, आणि पैसे कोणाच्या हाती पडतात?

सिंधुदुर्गात किंवा गोव्यात गेलात तर रापण घ्या. रापणीचे जाळे होडीतून अर्धवर्तुळात टाकून त्याची दोन्ही टोके किनाऱ्यावरून माणसांच्या दोन रांगा ओढतात, आणि आलेल्या मासळीचे वाटे पडतात. येथे प्रश्न अगदी वेगळे असतात, कारण हे एकट्याचे काम नाही आणि ते किनाऱ्यालगतच्या पाण्यावरच अवलंबून आहे. मासळीचा अख्खा थवा वेढून घेणाऱ्या मोठ्या पर्ससीन जाळ्यांविरुद्ध मालवणच्या पारंपरिक मच्छीमारांनी इतक्या कडवटपणे लढा का दिला, हे रापण ओढणाऱ्याच्या शेजारी उभे राहिल्यावर लवकर कळते.

पंचांग उघडा

शहरातील माणूस शनिवार-रविवार मोकळा म्हणून बंदरावर जातो आणि कोणी बोलायला तयार नाही म्हणून खट्टू होतो. किनाऱ्यावर आठवड्याला अर्थ नाही, तेथे तिथीला अर्थ आहे. जुन्या माणसांचा हिशेब असा की तिथीच्या आकड्याला पाऊणने गुणले की आपल्याकडच्या भरतीची वेळ साधारण मिळते. चतुर्थीला सुमारे तीन वाजता आणि अष्टमीला सुमारे सहा वाजता पूर्ण भरती येते, आणि तशीच दुसरी भरती त्यानंतर साधारण साडेबारा तासांनी येते. अमावास्या-पौर्णिमेच्या आसपास उधाण असते आणि पाण्याला ओढ जबरदस्त असते. अष्टमीच्या आसपास भांग असतो, पाणी सुस्त असते. डोल प्रवाहावर चालत असल्यामुळे उधाणाच्या दिवसांत डोलकरांना श्वास घ्यायला फुरसत नसते, तर भांगाच्या दिवसांत ते जाळी दुरुस्त करीत, गप्पा मारीत बसलेले सापडतात. म्हणजेच डोलकरांची मुलाखत भांगात घ्यावी आणि त्यांचे काम उधाणात पाहावे. हे दोन्ही केल्याशिवाय संहितेला हात लावू नये.

वर्षाचे गणितही असेच आहे. पश्चिम किनाऱ्यावर १ जून ते ३१ जुलै असे ६१ दिवस यांत्रिक नौकांना मासेमारीची बंदी असते. नौका वर ओढलेल्या असतात, ताडपत्र्या आणि झापांखाली जाळी विणणे चालते, आणि हातांना काम असले तरी तोंडे मोकळी असतात. माझ्या अनुभवात सर्वांत चांगले ध्वनिमुद्रण याच दोन महिन्यांत होते. नारळी पौर्णिमेला मात्र मुलाखतीसाठी जाऊ नये. त्या दिवशी सगळे गाव नटलेले असते, कॅमेरेवाल्यांची गर्दी असते आणि प्रत्येक जण पाहुण्यांना सांगायचे तेवढेच सांगतो. उत्सव पाहायला अवश्य जावे, पण वही घरी ठेवावी.

गावात पाऊल

पहिली भेट मच्छीमार सहकारी सोसायटीच्या कार्यालयात घ्यावी किंवा गावच्या पंचांकडे जावे. तुम्ही कोण, कशासाठी आलात, यातून पैसे मिळणार आहेत का आणि मिळाले तर कोणाला, हे चार प्रश्न तेथे विचारले जातील, आणि त्यांची उत्तरे तुमच्याकडे तयार हवीत. ‘तुमची संस्कृती जगापुढे आणायची आहे’ हे उत्तर देऊ नये. ते त्यांनी अनेक पाहुण्यांकडून ऐकलेले असते. ‘मला डोलीबद्दल पाऊण तासाचा प्रयोग करायचा आहे आणि तो आधी तुम्हाला दाखवायचा आहे’ हे उत्तर लोकांना समजते.

पहिले दोन-तीन दिवस फोन खिशातून काढू नका. लिलाव चालू असेल तर बाजूला उभे राहा. हर्णैसारख्या बंदरावर, जेथे मासळी किनाऱ्यावरच उतरते आणि वाळूतच बोली लागते, तेथे मध्ये उभा राहिलेला अनोळखी माणूस खरोखर कोणाचे तरी नुकसान करतो. होडीवर पाय ठेवण्याआधी विचारा आणि चपला काढायच्या का तेही विचारा. वयाने मोठ्या बायकांना मावशी किंवा काकी म्हणा, तांडेलाला, म्हणजे होडी चालवणाऱ्या प्रमुखाला, दादा किंवा काका म्हणा, आणि त्यांची बोली येत नसेल तर ती बोलण्याचा प्रयत्न करू नका. तुमची स्वतःची, साधी मराठी पुरेशी आहे. त्यांच्या बोलीची नक्कल त्यांच्याच तोंडावर करणे हा, हेतू कितीही चांगला असला तरी, अपमानच वाटतो.

बायकांशी बोलायला स्वतंत्र वेळ काढा, आणि ही गोष्ट मी आग्रहाने सांगते. नाखवा म्हणजे होडीचा मालक, तांडेल आणि खलाशी यांच्याभोवतीच गोष्ट गुंफली जाते, कारण समुद्रावरचे धाडस रंगमंचावर चटकन उभे राहते. परंतु होडी धक्क्याला लागली की पुढचा सगळा व्यवहार बहुतांशी बायकांच्या हाती असतो. मासळी निवडणे, बोंबील बांबूंच्या मांडवावर तोंडात तोंड अडकवून वाळत घालणे, सुकट-जवळा पाखडणे, पाटी घेऊन बाजार गाठणे, गिऱ्हाईक सांभाळणे आणि डिझेलची उधारी कशी फिटेल याचा हिशेब ठेवणे, हे सगळे त्यांच्याकडे असते. त्या दुपारी जेवणानंतर थोडा वेळ टेकतात. त्या वेळी जा, आणि शेजारी बसून काही निवडायला मिळाले तर निवडायलाही लागा.

ध्वनिमुद्रण आणि संमती

किनाऱ्यावर वारा हा तुमचा पहिला शत्रू आहे. मायक्रोफोनवर केसाळ आवरण नसेल तर ध्वनिफितीत केवळ घोंघाट उरतो. डिझेल इंजिनाच्या जवळ, बर्फाच्या यंत्राशेजारी किंवा पत्र्याच्या छपराखाली पावसात मुद्रण करू नका. ओसरी किंवा आतली खोली निवडा. समुद्राचा, लिलावाचा, इंजिनाचा आवाज प्रयोगासाठी हवा असेल तर तो स्वतंत्र टिपा. खारी हवा यंत्रांना खाते, म्हणून काम झाल्यावर उपकरण कोरड्या कापडाने पुसून बंद डब्यात ठेवावे, आणि त्याच रात्री मुद्रणाच्या दोन प्रती करून त्या दोन वेगळ्या ठिकाणी ठेवाव्यात.

संमती एकदाच घेऊन भागत नाही. बोलणे टिपून ठेवण्याची परवानगी, ते बोलणे मंचावर त्यांच्या शब्दांत म्हणण्याची परवानगी आणि त्यांचे नाव सांगण्याची परवानगी या तीन निराळ्या गोष्टी आहेत, आणि त्या तिन्ही स्वतंत्रपणे विचाराव्यात. कागदावर सही मागितली की अनेक माणसे बिचकतात, कारण सही मागणारा कागद म्हणजे जमीन किंवा कर्ज असा त्यांचा अनुभव असतो. अशा वेळी तुमचा प्रश्न आणि त्यांचे उत्तर दोन्ही मुद्रित करून ठेवले तर तेही चालते. कोणत्या तारखेपर्यंत ते आपले बोलणे मागे घेऊ शकतात हेही सांगा, आणि कोणी मागे घेतलेच तर ते कितीही सुंदर असले तरी काढून टाका. मी सुरुवातीच्या काळात एका मावशींची मुलाखत नाव न घेता वापरली होती, पण त्यांच्या नवऱ्याच्या होडीचे नाव तसेच राहू दिले होते. गावात ते नाव ऐकताच सगळ्यांनी त्यांना ओळखले. घरातील उधारीची गोष्ट त्यामुळे चव्हाट्यावर आली, आणि त्या घराचे दार मला पुन्हा पूर्वीसारखे उघडले नाही. माणसाचे नाव बदलताना होडीचे, वाडीचे आणि देवळाचे नावही तपासून पाहा.

प्रश्न कसे विचारावेत याविषयी एवढेच सांगते की ‘तुमच्या समस्या काय आहेत?’ असे विचारले की निवेदनाची भाषा ऐकू येते, मोर्चात दिलेली तीच वाक्ये परत मिळतात. ‘काल पहाटे उठल्यापासून काय काय केलेत?’ असे विचारले की माणूस बोलू लागतो. साल आठवत नसेल तर वादळाचा आधार घ्या. नोव्हेंबर २००९ चे फयान भर हंगामात आले, ३ जून २०२० च्या ‘निसर्ग’ वादळाने श्रीवर्धन-दिवेआगरच्या नारळी-पोफळी आडव्या केल्या, मे २०२१ मध्ये तौक्ते आले. किनाऱ्यावरची माणसे ‘फयानच्या आधी’, ‘निसर्गानंतर’ अशीच काळाची मोजणी करतात, आणि तुमच्या संहितेनेही तशीच करावी.

ऐकलेले कागदावर उतरवणे

एका तासाचे बोलणे शब्दशः उतरवायला पाच-सहा तास लागतात, बोली अपरिचित असेल तर त्याहून अधिक. हे काम दुसऱ्याला देऊ नका. उतरवताना कान तयार होतो, कोणता माणूस कोठे थांबतो, कोणता शब्द गिळतो, कोणत्या आठवणीला आवाज खाली येतो, हे हातातून शरीरात उतरते. ‘म्हावरं’ असे ऐकले असेल तर ‘मासळी’ लिहू नका. वाक्य अर्धवट सोडले असेल तर ते पूर्ण करू नका, कारण त्या अर्ध्या वाक्यात पुष्कळदा सगळा प्रसंग असतो.

बोलीबाबत एक अवघड गोष्ट येथेच सांगायला हवी. मराठी प्रेक्षकाला मालवणी बोली विनोदाची म्हणून ऐकण्याची सवय लागलेली आहे, आणि कोळी बोली म्हटली की त्याला वरातीतील गाणे आणि ठेका आठवतो. त्यामुळे बुडालेल्या होडीविषयी मालवणीत बोलणारा माणूस तुम्ही उभा केलात तरी पहिल्या वाक्याला सभागृहात हशा पिकू शकतो. अशा वेळी बोली सौम्य करून प्रमाण मराठी वापरण्याचा मोह होतो, परंतु तो टाळावा. त्याऐवजी त्या माणसाचा पहिला उतारा असा निवडावा की ज्यात तो आपल्या कामातील एखादी बारीक, अवघड क्रिया समजावून सांगतो आहे. जाणकार माणूस आपले काम समजावू लागला की ऐकणारा गंभीर होतो, आणि दोन-तीन मिनिटांत त्या बोलीचा कान त्याला लागतो. दुःखाचा उतारा त्यानंतर यावा. हा क्रम मी अनेक प्रयोगांत पारखून पाहिला आहे.

कागदांची साथ

दस्तऐवजी म्हणवणाऱ्या प्रयोगाला कागदाचाही आधार हवा. ब्रिटिश काळातील गॅझेटियर उपयोगी पडतात. रत्नागिरी-सावंतवाडीचा खंड १८८० चा आहे आणि कुलाबा-जंजिऱ्याचा १८८३ चा. त्यांत बंदरे, होड्यांचे प्रकार, जाळी आणि मासळीचा व्यापार यांची बारकाईने केलेली नोंद सापडते, मात्र माणसांविषयीचा त्यांचा सूर वरून पाहणाऱ्याचा आहे, तो तसाच उचलू नये. मासेमारीच्या कायद्यासाठी महाराष्ट्र सागरी मासेमारी नियमन अधिनियम, १९८१ आणि त्यातील २०२१ ची सुधारणा वाचावी. राज्याचा अधिकार किनाऱ्यापासून १२ सागरी मैलांपर्यंत चालतो, त्यापलीकडे केंद्राचा, आणि किनाऱ्यावरच्या कितीतरी भांडणांचे मूळ या एका रेषेत आहे.

कधी कधी एखादा आकडाच प्रसंग होऊन उभा राहतो. वरळीत सागरी किनारा मार्गाच्या पुलाखालून कोळ्यांच्या होड्यांना जाण्यायेण्यासाठी दोन खांबांमध्ये ६० मीटर अंतर ठेवले होते. खवळलेल्या पाण्यात होडी त्यातून सुरक्षित काढता येणार नाही असे वरळी कोळीवाड्याने लावून धरले, आणि आंदोलनानंतर ते अंतर १२० मीटर झाले. मंचावर दोन खुर्च्या ठेवून त्यांच्यामधून होडी काढणाऱ्याचे बोलणे म्हणता येते, आणि मग खुर्च्या दूर सरकवता येतात. वाढवण बंदरासारख्या विषयात, ज्याची पायाभरणी ३० ऑगस्ट २०२४ रोजी झाली आणि ज्यावर किनाऱ्यावरची गावे वर्षानुवर्षे विरोधात उभी आहेत, सरकारी कागद आणि गावचे बोलणे दोन्ही संहितेत असावेत आणि कोणते वाक्य कोठून आले आहे हे प्रेक्षकाला प्रत्येक वेळी कळावे. एखाद्या काकांनी सांगितलेला आकडा कागदाशी जुळत नसेल तर त्यांचे वाक्य बदलू नका. ते तसेच म्हणा, आणि निवेदकाच्या भूमिकेतून कागदावरचा आकडाही सांगा.

संहिता आणि शरीर

पहिल्या प्रयोगासाठी चाळीस ते पन्नास मिनिटे आणि चार किंवा पाच माणसे पुरे आहेत. कापणे आणि क्रम लावणे हे तुमचे स्वातंत्र्य आहे, पण त्यांच्या तोंडी तुमचे वाक्य घालणे हे नाही. दोन माणसांचे बोलणे एकत्र करून एक पात्र केले असेल तर ते प्रयोगाच्या आरंभीच सांगून टाका. तुमचे स्वतःचे निवेदन वेगळ्या जागेवरून, वेगळ्या प्रकाशात, तुमच्या नेहमीच्या आवाजात असू द्या.

लुगडे, टोपी, रुमाल यांचा वेश शक्यतो टाळा. वेश चढवला की प्रेक्षक वेश पाहतो. हात शिका. जाळे दुरुस्त करताना डाव्या हाताची बोटे गाठ कशी धरतात, पाटी डोक्यावर घेताना मान कशी आधी स्थिर होते, वल्ह्याला जोर कमरेतून कसा येतो, हे तासन्‌तास पाहून आणि कोणी शिकवले तर प्रत्यक्ष करून मिळवावे लागते. संगीताबद्दलही सावध असावे. लग्नात धवलारीण जे धवले, म्हणजे लग्नविधीची गाणी, गाते ते विधीचा भाग आहेत. तिची स्पष्ट परवानगी असल्याशिवाय ते मंचावर म्हणू नयेत, आणि परवानगी असली तरी प्रसंग सजवण्यासाठी म्हणू नयेत.

पहिले वाचन गावात

तालीम अर्धीकच्ची असतानाच संहिता घेऊन गावात जा. देवळाचा मंडप किंवा सोसायटीची खोली चालते, वेळ मात्र भांगातील एखाद्या संध्याकाळची धरा. ज्यांचे शब्द आहेत त्यांना आधी एकेकट्याने त्यांचा भाग ऐकवा, सगळ्यांसमोर नंतर. दुरुस्त्या येतील. काही शब्दांच्या असतील, काही भरतीच्या दिशेसारख्या तांत्रिक असतील, आणि त्या बिनतक्रार स्वीकाराव्यात. काही दुरुस्त्या वेगळ्या असतात. गावातील एखादा पुढारी म्हणेल की ससून डॉकवर कोलंबी सोलायला जाणाऱ्या बायकांचा भाग काढा, गावाची शोभा जाते. तेव्हा निर्णय त्या बायकांचा असतो, पुढाऱ्याचा नव्हे, हे नम्रपणे पण ठामपणे सांगावे लागते, आणि त्यासाठी त्या बायका तुमच्या बाजूने बोलतील इतके तुमचे त्यांच्याशी नाते झालेले असावे लागते.

परवानगी, पैसे आणि पुढचे प्रयोग

महाराष्ट्रात जाहीर नाट्यप्रयोगासाठी रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाकडे संहिता सादर करून प्रमाणपत्र घ्यावे लागते, आणि एकपात्रीही त्यात येते. त्यासाठी पुरेसा वेळ हाताशी ठेवा. बोलीतील संहितेसोबत कठीण शब्दांचे अर्थ जोडले तर वाचणाऱ्याचे काम सोपे होते. सुरुवातीचे प्रयोग ग्रंथालये, महाविद्यालये आणि लहान सभागृहांत करावेत, जेथे प्रयोगानंतर प्रेक्षकांशी बोलता येते.

मानधन मिळू लागले की त्यातील ठरलेला वाटा बोलणाऱ्यांकडे गेला पाहिजे. रापणीत ओढणाऱ्या प्रत्येक हाताचा वाटा असतो, तोच हिशेब येथेही लावा. किती प्रयोग झाले, किती मिळाले, किती खर्च झाला, हे एका कागदावर लिहून सोसायटीत वर्षातून एकदा वाचून दाखवा. मुद्रणाची प्रत पेनड्राइव्हवर घालून प्रत्येक घरी द्या. पुष्कळ घरांत आजोबांच्या आवाजाची तीच एकमेव नोंद असते. आणि तुम्ही ज्यांचे शब्द म्हणता त्यांच्यापैकी कोणी गेल्याचे कळले, तर पुढचा प्रयोग करण्याआधी त्यांच्या घरी जाऊन या. तो भाग ठेवायचा की काही काळ थांबवायचा, हे त्या घरच्यांना विचारा, आणि ते सांगतील तसे करा.